विष्णुपंत पागनीस : संतभूमिकेचा नट आणि वारकरी श्रोता

मांजरसुंब्याहून केजमार्गे अंबाजोगाईकडे जाणाऱ्या रस्त्यावर, बालाघाटाच्या पठारावर वसलेले नेकनूर हे बीड तालुक्यातील गाव बाजारपेठ म्हणून जितके परिचित आहे, तितकेच ते संत बंकटस्वामी महाराजांच्या मठामुळे वारकरी संप्रदायात मानाने ओळखले जाते. एका बाजूला मन्मथस्वामींचे कपिलधार, दुसऱ्या बाजूला मुकुंदराज आणि दासोपंत यांची अंबाजोगाई, उत्तरेस एकनाथांचे पैठण आणि पूर्वेस जनाबाईंचे गंगाखेड अशा संतपरंपरेच्या प्रदेशात हे गाव मोडते. चित्रपटातील एखाद्या नटाचा जीवनक्रम अभ्यासताना अशा गावाचा उल्लेख प्रथमदर्शनी अनपेक्षित वाटेल. परंतु प्रभात फिल्म कंपनीच्या 'संत तुकाराम' या बोलपटात तुकारामांची भूमिका करणारे विष्णुपंत पागनीस यांचे यश आणि त्या यशाने त्यांच्यावर घातलेली मर्यादा या दोन्ही गोष्टी समजून घ्यायच्या असतील, तर पडद्यावरच्या नटाबरोबर पडद्यासमोर बसलेल्या श्रोत्याचाही इतिहास पाहावा लागतो, आणि तो श्रोता नेकनूरसारख्या गावांतील मठांत, मंदिरांत आणि सप्ताहांच्या मांडवांत घडलेला होता.

बंकटस्वामी हे विष्णुबुवा जोग महाराजांचे शिष्य होते. जोग महाराजांनी १९१७ मध्ये आळंदी येथे वारकरी शिक्षण संस्था स्थापन केली आणि कीर्तन व प्रवचन या लोकशिक्षणाच्या प्रकारांना पद्धतशीर अध्ययनाची बैठक दिली. या संस्थेच्या जडणघडणीत ज्यांचा वाटा होता त्यांत बंकटस्वामींची गणना होते. वारकरी कीर्तनात एखाद्या संताचा अभंग आधाराला घेऊन कीर्तनकार त्याच्या प्रत्येक चरणाचे विवरण करतो, मागे उभे असलेले टाळकरी तो चरण ठरलेल्या चालीत उचलून धरतात आणि मृदंगाच्या साथीने गायन व निरूपण आलटून-पालटून पुढे सरकत राहते. या पद्धतीत चालीपेक्षा शब्दाला अधिक महत्त्व असते. शब्द झाकला जाईल अशी तान किंवा हरकत तेथे दोष मानली जाते, आणि गाणाऱ्याचे कौशल्य अभंगाचा अर्थ श्रोत्यापर्यंत पोचवण्यात आहे असे समजले जाते. तुकारामांची गाथा छापील रूपात येण्यापूर्वी कित्येक पिढ्या ती याच वाटेने लोकांच्या तोंडी राहिली होती. मुंबई सरकारच्या साहाय्याने शंकर पांडुरंग पंडित आणि विष्णुशास्त्री पंडित यांनी १८६९ ते १८७३ या काळात गाथेची आवृत्ती सिद्ध केली आणि पुढे जोग महाराजांनी सार्थ गाथा उपलब्ध करून दिली, तेव्हा या मौखिक परंपरेला ग्रंथाचा आधार मिळाला. परंतु सर्वसामान्य शेतकऱ्याचा गाथेशी असलेला संबंध मुख्यतः कानानेच जोडलेला राहिला.

मराठवाड्यात या कानाच्या शिक्षणाला आणखी एक कारण होते. १९४८ पर्यंत बीड जिल्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता आणि तेथील कारभाराची तसेच वरच्या शिक्षणाची भाषा उर्दू असल्याने मराठीला राजाश्रय असा नव्हताच. ज्या प्रदेशात मराठी शाळा विरळ होत्या, तेथे भजन, कीर्तन, पारायण आणि वारी यांनी भाषेच्या पाठशाळेचे काम केले. अशा श्रोत्याला लिहिता-वाचता येत नसले, तरी तुकारामांचा अमुक अभंग कोणत्या प्रसंगी म्हणावयाचा, त्याचे ध्रुवपद कोणते, आणि तो गाणारा मनापासून गातो आहे की लोकांना रिझवण्यासाठी गातो आहे, हे त्याला अचूक कळत असे. संतांची भूमिका करणाऱ्या कोणत्याही नटाला या परीक्षकासमोर उभे राहणे भाग होते.

विष्णुपंत पागनीस यांचा जन्म १८९२ मध्ये झाला. त्यांच्या बालपणी संगीत नाटक हे मराठी समाजाचे सर्वात मोठे रंजनसाधन होते आणि गोड गळ्याच्या, नाजूक चेहऱ्याच्या मुलांना नाटक कंपन्यांत मागणी असे, कारण स्त्रियांनी रंगभूमीवर येणे त्या काळच्या प्रतिष्ठित समाजाला मान्य नव्हते आणि नाटकातील स्त्रीभूमिका पुरुषच करीत. या भूमिकांना नाटकवाल्यांच्या बोलीत 'स्त्रीपार्ट' असे म्हणत. स्त्रीपार्ट करणाऱ्या नटाला साडी नेसण्यापासून चालण्या-बसण्यापर्यंत आणि दृष्टीच्या फेकीपासून आवाजाच्या पट्टीपर्यंत सर्व देहव्यवहार बारकाईने साधावा लागे, आणि त्याशिवाय रात्रभर चालणाऱ्या प्रयोगात पंचवीस-तीस पदे गाण्याचा दमही त्याच्याजवळ असावा लागे. बालगंधर्वांनी या कलेला जो उत्कर्ष प्राप्त करून दिला, त्याची कीर्ती सर्वश्रुत आहे; पागनीसही याच परंपरेतून आले आणि स्त्रीपार्ट करणारे गायक नट म्हणून रंगभूमीवर वावरले.

चित्रपटाच्या आगमनानंतर ही परंपरा काही काळ पडद्यावरही टिकली. दादासाहेब फाळके यांच्या १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र' मध्ये तारामतीची भूमिका अण्णा साळुंके यांनी केली आणि १९१७ च्या 'लंकादहन' मध्ये त्याच नटाने राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. मात्र कॅमेरा चेहऱ्याच्या जितका जवळ जाऊ लागला, तितके हे रूपांतर टिकवणे कठीण झाले, आणि बोलपट म्हणजे ध्वनीसह चित्रपट आल्यावर तर ते अशक्यच झाले. प्रभातच्या १९३२ मधील 'अयोध्येचा राजा' या बोलपटात दुर्गा खोटे यांनी तारामतीची भूमिका केली, आणि सुशिक्षित घरातील स्त्रिया पडद्यावर येऊ लागल्याने स्त्रीपार्ट करणाऱ्या नटांच्या एका संपूर्ण पिढीचा व्यवसाय संपुष्टात आला. ज्यांनी आयुष्याची ऐन वर्षे या एकाच कौशल्याला वाहिली होती, त्यांच्यापुढे वयाच्या चाळिशीत नवा मार्ग शोधण्याचा प्रश्न उभा राहिला. पागनीसांजवळ गाणे होते आणि भजनाची मनापासून आवड होती. त्यांच्या उत्तरायुष्याची दिशा या आवडीनेच ठरवली.

प्रभात फिल्म कंपनीची स्थापना १ जून १९२९ रोजी कोल्हापूर येथे झाली. व्ही. शांताराम, विष्णुपंत दामले, एस. फत्तेलाल, केशवराव धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी हे तिचे संस्थापक होते, आणि त्यांपैकी शांताराम, दामले, फत्तेलाल व धायबर हे बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत तयार झालेले होते. १९३३ मध्ये कंपनी पुण्यास आली. संतांच्या चरित्रावरील चित्रपट, ज्यांना पुढे 'संतपट' हे नाव रूढ झाले, त्या प्रकारातील प्रभातचा पहिला मोठा प्रयत्न १९३५ चा 'धर्मात्मा' हा होय. शांताराम यांनी दिग्दर्शित केलेल्या या बोलपटात पैठणच्या एकनाथांची भूमिका साक्षात बालगंधर्वांनी केली होती. अस्पृश्यतेच्या प्रश्नाला थेट हात घालणारा विषय, त्या काळातील सर्वाधिक लोकप्रिय गायक नट आणि प्रभातची तांत्रिक सिद्धता असे सर्व असूनही बालगंधर्वांच्या नाट्यकीर्तीच्या मानाने या चित्रपटाचे यश तोकडेच ठरले. रंगभूमीवर दूरच्या प्रेक्षकासाठी घडवलेला अभिनय आणि रागाची बढत करीत जाणारे गाणे कॅमेऱ्यासमोर आणि संताच्या भूमिकेत जसेच्या तसे उतरणे अवघड आहे, हा या प्रयत्नाचा महत्त्वाचा निष्कर्ष होता.

त्यानंतर दामले आणि फत्तेलाल यांनी 'संत तुकाराम' दिग्दर्शित करण्यास घेतला आणि मुख्य भूमिकेसाठी पागनीसांची निवड केली, तेव्हा शांताराम यांनी तिला विरोध केला. स्त्रीपार्ट करणारा नट तुकारामांच्या वेशात उभा राहिला, तर तुकारामांवर निष्ठा असणारा प्रेक्षक दुखावेल, अशी त्यांची भीती होती, आणि 'धर्मात्मा'चा अनुभव ताजा असल्याने ती निराधारही म्हणता येत नव्हती. दामले आपल्या निवडीवर ठाम राहिले. या निर्णयामागचे कलात्मक शहाणपण आज स्पष्ट दिसते. तुकारामांच्या व्यक्तिमत्त्वात विठ्ठलाविषयीची आर्तता आहे, त्याला आई मानून केलेली विनवणी आहे, आणि संसारातील कर्तेपण सुटून गेल्यावर उरलेला मऊपणाही आहे. स्त्रीभूमिकांच्या दीर्घ अभ्यासातून आलेली देहाची लवचीकता आणि आवाजातील कोवळीक या भावनेला पोषक ठरणारी होती. जे शांतारामांना वैगुण्य वाटले, तेच या भूमिकेचे भांडवल ठरले.

पागनीसांच्या अभिनयाचे वैशिष्ट्य त्यांनी काय केले यापेक्षा त्यांनी काय टाळले यात अधिक आहे. संगीत नाटकातला गायक नट पद सुरू होताच प्रेक्षकांकडे वळतो, कथेचा प्रवाह थांबतो, आणि टाळ्या पडल्यास पद पुन्हा म्हणण्याचा प्रघात असतो. पागनीसांचे तुकाराम प्रेक्षकांसाठी गात नाहीत. त्यांची दृष्टी बहुधा विठ्ठलाकडे किंवा स्वतःच्या आत वळलेली असते, आणि रानात असोत, घरी असोत वा लोकांच्या मेळ्यात असोत, गाणे हे त्यांच्या बोलण्याचाच विस्तार वाटते. संगीतकार केशवराव भोळे यांनी अभंगांना दिलेल्या चाली भजनाच्या वळणाच्या आहेत, आणि पागनीसांनी त्या शब्द स्पष्ट ठेवून, अलंकार मोजके वापरून गायल्या आहेत. या चित्रपटासाठी शांताराम आठवले यांनी तुकारामांच्या शैलीत एक रचना नव्याने लिहिली होती. ती इतकी एकजीव झाली की गाथेचा परिचय असलेल्यांनाही ती तुकारामांचीच वाटली. कवीच्या सामर्थ्याइतकेच ते गाणाऱ्याच्या वृत्तीचेही प्रमाण आहे, कारण मूळ अभंग आणि नवी रचना यांच्यात गायकाने कोठेही सांधा दिसू दिला नाही.

शिवराम वाशीकर यांच्या पटकथेत गायनाच्या या दोन रीतींचा संघर्ष कथेचाच भाग झालेला आहे, ही गोष्ट विशेष लक्षात घेण्याजोगी आहे. तुकारामांचा मत्सर करणारा सालोमालो हा गावातला गोसावी तुकारामांचे अभंग स्वतःच्या नावावर खपवतो आणि ते दिखाऊ चालीत, अंगविक्षेपांसह गाऊन दाखवतो. भागवत या नटाने ही भूमिका नाटकी ढंगाने रंगवली आहे. चित्रपटाच्या आरंभीच एकच अभंग प्रथम तुकारामांच्या आणि नंतर सालोमालोच्या तोंडी येतो, तेव्हा शब्द तेच राहूनही अर्थ कसा हरवतो, हे प्रेक्षकाला कोणी समजावून सांगावे लागत नाही. वारकरी श्रोत्याच्या कानात आधीपासून असलेली कसोटी दिग्दर्शकांनी पडद्यावर आणून ठेवली आणि पागनीसांना त्या कसोटीवर उतरवून दाखवले, असे या रचनेविषयी म्हणता येईल.

पागनीसांच्या भूमिकेला तोल दिला तो जिजाई म्हणजे आवली झालेल्या गौरी या अभिनेत्रीने. कंपनीत दुय्यम कामे करीत वर आलेल्या गौरी यांनी उपाशी मुलांची काळजी वाहणारी, नवऱ्यावर चिडणारी, आणि मूल आजारी पडल्यावर पायातली चप्पल उगारून थेट विठोबालाच जाब विचारायला मंदिरात शिरणारी स्त्री इतक्या जिवंतपणे उभी केली, की तुकारामांची विरक्ती कोणाच्या कष्टांवर उभी होती, हा प्रश्न चित्रपट क्षणभरही विसरू देत नाही. दामले आणि फत्तेलाल यांनी या दोन वृत्तींपैकी कोणतीही एक खोटी ठरवली नाही. पागनीसही जिजाईच्या रागापुढे उपदेशकाचा पवित्रा घेत नाहीत. ते गोंधळलेल्या, प्रेमळ आणि काहीशा असहाय गृहस्थासारखे वागतात, आणि त्यामुळे चित्रपटातील चमत्कारांपेक्षा त्यातला संसार प्रेक्षकाच्या अधिक जवळ येतो. कलासमीक्षक गीता कपूर यांनी या चित्रपटाचा सविस्तर विचार करताना पागनीसांच्या मुद्रेतील आणि उभे राहण्यातील मूर्तीसारख्या सन्मुखतेकडे लक्ष वेधले आहे. भक्त देवाकडे पाहतो आणि प्रेक्षक भक्ताकडे पाहतो, अशी दर्शनाची दुहेरी रचना या अभिनयाने शक्य केली.

'संत तुकाराम' १२ डिसेंबर १९३६ रोजी मुंबईच्या सेंट्रल चित्रगृहात प्रदर्शित झाला आणि तेथे तो सलग ५७ आठवडे चालला. एकाच चित्रगृहात वर्षाहून अधिक काळ चालणे हा त्या वेळच्या भारतीय चित्रपटांत विक्रम होता. १९३७ च्या व्हेनिस चित्रपट महोत्सवात त्याचा विशेष गौरव झाला आणि भारतीय चित्रपटाला परदेशात मिळालेल्या आरंभीच्या मान्यतांमध्ये त्याची नोंद झाली. शहरातील चित्रगृहांपलीकडे ग्रामीण भागात चित्रपट पोचवण्याचे काम फिरती चित्रगृहे करीत. यात्रा-जत्रांच्या हंगामात मोकळ्या मैदानावर तंबू ठोकून, प्रक्षेपणयंत्र आणि जनित्र गाडीतून नेऊन खेळ करणाऱ्या या धंद्याला 'टूरिंग टॉकीज' किंवा 'तंबू सिनेमा' म्हणत, आणि जत्रेच्या वातावरणाला साजेसे म्हणून धार्मिक व संतांच्या चरित्रावरील चित्रपटांना तेथे हमखास स्थान असे. कीर्तनाच्या मांडवात बसण्याची सवय असलेला समाज तंबूत बसला, तेव्हा त्याने तेथील पडद्याला कीर्तनाचाच मान दिला.

या मानाचा परिणाम पागनीसांच्या आयुष्यावर खोलवर झाला. लोक त्यांना तुकाराम म्हणूनच ओळखू लागले, आणि तुकारामांच्या वेशातील त्यांचे छायाचित्र घरोघर भक्तिभावाने लावले गेले. तुकारामांचे समकालीन म्हणता येईल असे विश्वसनीय चित्र सर्वसामान्य भक्तांसमोर नसल्याने वीणा, चिपळ्या, पागोटे आणि शांत मुद्रा असलेला हा चेहराच कित्येकांच्या मनातला तुकारामांचा चेहरा बनला. नटाच्या दृष्टीने यापेक्षा मोठी पावती नाही. पण याच पावतीने त्यांच्यासाठी इतर भूमिकांचे दरवाजे बंद केले. रणजित मूव्हिटोनच्या 'संत तुलसीदास' (१९३९) मध्ये ते तुलसीदास झाले, प्रकाश पिक्चर्सच्या विजय भट्ट दिग्दर्शित 'नरसी भगत' (१९४०) मध्ये नरसी मेहता झाले, आणि 'महात्मा विदुर' (१९४३) मध्ये विदुर झाले. भाषा, प्रांत आणि कंपनी बदलली तरी भूमिका भक्ताचीच राहिली, आणि १९४३ मध्ये त्यांचे निधन झाले तेव्हा तुकारामांच्या भूमिकेनंतर त्यांना जेमतेम सात वर्षांचा अवधी लाभला होता. तरुणपणी ज्यांनी नायिकांची विविध रूपे घेतली, त्यांना प्रौढपणी एकाच रूपात राहावे लागले, ही त्यांच्या कारकिर्दीतील शोकात्म बाजू मान्य करावी लागते.

तरीही हा दोष प्रेक्षकांच्या भाबडेपणावर ढकलणे न्याय्य होणार नाही. प्रभातने १९४० मध्ये 'संत ज्ञानेश्वर' काढला तेव्हा ज्ञानेश्वरांची भूमिका अहमदनगरच्या ख्रिस्ती कुटुंबात १९१८ मध्ये जन्मलेल्या शाहू मोडक यांनी केली, आणि ज्यांच्या पूर्वजांचे गाव पैठणजवळचे आपेगाव, त्या ज्ञानेश्वरांच्या रूपात हा नट महाराष्ट्राने मनःपूर्वक स्वीकारला. पुढे मोडक यांनी श्रीकृष्णाची भूमिका तर अनेक चित्रपटांतून केली. १९४१ च्या 'संत सखू' मध्ये हंसा वाडकर यांनी केलेली सखूही लोकांना आपली वाटली. या उदाहरणांवरून असे दिसते की वारकरी संस्कारात वाढलेल्या प्रेक्षकाने नटाचा जन्म, धर्म किंवा पूर्वीच्या भूमिका यांची चौकशी केली नाही. त्याने तपासला तो शब्दाचा उच्चार, गाण्यातली वृत्ती आणि डोळ्यांतला भाव. शांताराम यांना ज्या प्रेक्षकाची भीती वाटत होती, तो प्रत्यक्षात त्यांच्या अपेक्षेपेक्षा कितीतरी उदार आणि जाणकार निघाला, आणि ही जाण त्याला कीर्तनपरंपरेने दिलेली होती.

तुकारामांचे चरित्र त्यानंतरही पडद्यावर आले. २०१२ मध्ये चंद्रकांत कुलकर्णी यांनी दिग्दर्शित केलेल्या 'तुकाराम' मध्ये जितेंद्र जोशी यांनी चमत्कारांपासून दूर राहून, दुष्काळाने आणि व्यवहाराने घडवलेला माणूस म्हणून तुकाराम साकारले, आणि ही भूमिका पागनीसांच्या छायेत न अडकता स्वतंत्रपणे उभी राहिली. काळाबरोबर संतांकडे पाहण्याची दृष्टी बदलते आणि अभिनयाची रीतही बदलते, हे स्वाभाविक आहे. परंतु गायन आणि अभिनय यांच्यातील भेद पूर्णपणे मिटवून, नाटकी सवयी सोडून, भजन करणाऱ्या माणसाची सहजता कॅमेऱ्यासमोर आणण्याचे जे काम पागनीसांनी १९३६ मध्ये केले, त्याला मराठी चित्रपटात तोड सापडणे कठीण आहे.

पागनीसांच्या या कामगिरीचा अभ्यास आजवर प्रामुख्याने कोल्हापूर, पुणे आणि मुंबई या निर्मितीकेंद्रांच्या बाजूने झाला आहे. ज्या समाजाने त्यांना तुकाराम म्हणून मान्य केले, त्या समाजाच्या बाजूने तो अद्याप पुरेसा झालेला नाही. नेकनूरच्या मठासारख्या ठिकाणी अभंगांच्या ज्या जुन्या चाली आजही म्हटल्या जातात, मराठवाड्याच्या यात्रांतून तंबू सिनेमा पाहिलेल्या वृद्ध श्रोत्यांच्या ज्या आठवणी अजून शिल्लक आहेत, त्यांचे ध्वनिमुद्रण आणि लेखन वेळीच झाले पाहिजे. विद्यापीठांतील अभ्यासकांनी आणि वारकरी संस्थांनी मिळून हे काम हाती घेतले, तर एका थोर नटाच्या चरित्राचा उरलेला अर्धा भाग मराठी वाचकांच्या हाती येईल.